उभा राहिलेला माणूस

४ फेब्रुवारी

ती. दादास,
धाकटीचा सा. न. वि. वि.

पत्राला उशीर झाला म्हणून तू मनातल्या मनात दोन-चार शिव्या हासडल्या असशील, त्या पोचल्या. महिनाभर माती आणि चुन्याच्या धुरळ्याशिवाय हाताला काही लागत नव्हतं. आता लागलंय, आणि असं लागलंय की पहिली आठवण तुझीच झाली.

खाणीच्या वरच्या कड्यात एक कपार आहे. आपल्या दुकानाच्या दुप्पट असेल. तिथे दीड पुरुष खोलीवर आम्हाला माणसं सापडली. सात. दोन पुरुष, चार बायका आणि चारेक वर्षांचं एक मूल. चाळीस हजार वर्षांपूर्वीची. पण ही अगदी आपल्यासारखी माणसं नव्हेत. भुवयांवर हाडाची जाड कमान, हनुवटी जवळजवळ नाहीच, आणि मनगटं अशी की बाजारातल्या हमालानेही हात मिळवताना विचार करावा. माणसाच्या झाडाची ही दुसरी फांदी. आपल्या फांदीच्या शेजारी लाखो वर्षं वाढली आणि वाळून गेली. का वाळली, यावर आमच्यातल्या थोर मंडळींचा एकमेकांशी बोलणं बंद होण्याइतका वाद आहे.

ही सात जणं आजाराने मेलेली नाहीत. कवट्या फुटल्यात. मांड्यांवर, खांद्यांवर, बरगड्यांच्या आतल्या बाजूने बारीक चिरा आहेत. आमचे साहेब म्हणतात, वरून दगड घसरून त्या पडल्या असतील. मी मान डोलावली आणि तंबूत येऊन हे पत्र लिहायला बसले. ज्या घरात पाळण्यापासून सत्तुराचा आवाज ऐकला, त्या घरातल्या मुलीला अशा चिरा ओळखीच्या वाटतात. सोबत चिरांची चित्रं आणि साचे आहेत. गारगोटीच्या सहा चिपाही आहेत, जपून हाताळ, ब्लेडच्या तोंडात मारतील. एका मेंढीचं रान, अख्खी मांडी, या चिपांनी सोल, लोखंड लावू नकोस. मग हाड उकळून मला पाठव आणि तुला काय वाटतं ते लिही.

परवा माझी एक अक्कलदाढ काढली. तुला ती आलीच नाही म्हणून बाजार तुला हसतो ना? त्यांना सांग, माणसाचा जबडा पिढ्यान्‌पिढ्या लहान होत चाललाय, पुढे ती दाढ कुणालाच येणार नाही. माणूस घडून संपलेला नाही, अजून कामच चालू आहे, आणि त्यात दादा सगळ्यांच्या पुढे आहे.

काकांची कंबर कशी आहे? छकुलीला गालगुच्चा. घरी सगळ्यांना विचारल्याचं सांग.

लोभ आहे तेवढा ठेव, वाढवलास तर हरकत नाही.
तुझी,
धाकटी

—

१५ फेब्रुवारी

चि. हाडकीस,
दादाचे अ. उ. आ.

तू लिहितेस 'सगळ्यांना'. घरात माणसं तीन. मला वेगळं पत्र आहे, छकुलीला गालगुच्चा आहे. मग 'सगळे' म्हणजे तुझी वहिनी एकटीच उरली. अकरा वर्षांत एकदा तरी तिचं नातं लिहून बघ, पेन मोडत नाही.

आता काम. भर दुकानात दगडाने रान सोलायला बसलो. गिऱ्हाइकांना वाटलं माझं डोकं फिरलं. एका मास्तरांनी तर सुरी उसनी आणून देऊ का म्हणून विचारलं. काका पोट धरधरून हसले. म्हणाले, पोरगी एवढी शिकली आणि फिरून आपल्याच मटणाच्या ओंडक्यापाशी आली. पण खरं सांगतो, ती चीप अशी चालते की मला लाज वाटली. कातडं लोण्यासारखं उतरतं. फक्त हाडाला लागली की करकरते आणि एका ओरखड्याऐवजी शेजारी शेजारी चार बारीक रेघा सोडते. तुझ्या साच्यातही त्याच आहेत. तुझ्या साहेबांना सांग, वरून पडणारा दगड सांधा शोधत नाही. या चिरा जिथे मी सुरी घालतो तिथेच आहेत. खुब्याला, ढोपराच्या आतून, खांद्याच्या वाटीत. पायाच्या हाडांच्या नळ्याही ओल्या असताना फोडल्यात, कड गुळगुळीत वळत गेली आहे. वाळलेलं हाड असं फुटत नाही. माणसं खाल्ली गेली, हाडके. मला जेवण गेलं नाही त्या दिवशी.

अजून एक. मारणारा हात आणि कापणारा हात वेगळा आहे. मारणारा रागात होता. मोठ्या पुरुषाच्या कवटीवर एकाच जागी सहा घाव आहेत, काम एकाने झालं असतं. कापणाऱ्याने मात्र एकही घाव फुकट घातलेला नाही. तो शांत होता. मला त्याचीच जास्त भीती वाटली. आणि त्या लहान मुलाच्या हाडांवर एकही चीर नाही. डोक्याला एक भोक, बस. त्याला मारलं, पण कापायला कुणाचा हात झाला नाही.

आता दुसरी गोष्ट, जिच्यापायी हे पत्र तीनदा फाडलं. वहिनीचे वडील पुढच्या महिन्यात सुटतायत. बावीस वर्षं भरली. त्यांना दुसरं कुणी नाही. वहिनीने माझ्याकडे एका शब्दाने काही मागितलेलं नाही. तिने फक्त मागच्या खोलीतली शिडी आणि रिकामी खोकी बाहेर काढली आणि फरशी पुसली. मागितलं असतं तर नाही म्हणालो असतो. न मागितलेल्या गोष्टीला नाही कसं म्हणायचं, ते मला जमेना.

रागावशील हे माहीत आहे. रागाव, पण लिहीत राहा.
तुझा,
दादा

—

२४ फेब्रुवारी

दादास,
सा. न.

तुझं हाड आणि वाचन दोन्ही पोचलं. साहेबांसमोर ठेवलं. त्यांनी अर्धा तास भिंगातून पाहिलं आणि हे कुणी वाचलं म्हणून विचारलं. माझा भाऊ, तो खाटीक आहे, असं मी म्हणाले, तर त्यांनी टोपी काढली. शिवाय एका बाईच्या मणक्यात भाल्याचं तुटलेलं टोक मिळालं, पातळ, दोन्ही बाजूंनी घडवलेलं. तसं टोक ती माणसं करत नसत. आपली फांदी करायची. तेव्हा मारणारे आपले होते.

दुसऱ्या गोष्टीबद्दल लिहिते. तू तेव्हा बर्फ आणायला गेला होतास. मी होते. आठ वर्षांची, उपड्या खोक्यावर पाय हलवत बसलेली. बाबा आणि तो माणूस हसत होते, नेहमीसारखे. दुकानातले भागीदार आणि जिवाभावाचे दोस्त. बाबा त्याच्या मेलेल्या बायकोवरून काहीतरी बोलले. चेष्टाच होती, पण घाणेरडी. त्याने ढकललं, बाबांनी थोबाडीत दिली. त्याच्या हातात हाड मोकळं करायची बारीक सुरी होती. त्याने ती एकदाच मारली, जांघेत. बाबांनी दोन्ही हातांनी दाबून धरलं आणि बोटांच्या फटींतून रक्त उडायला लागलं, नळाला फडकं बांधल्यावर उडतं तसं. बाबा मला म्हणाले की बाहेर जाऊन बस. मीच काहीतरी सांडलंय अशा आवाजात म्हणाले. मग भिंतीला टेकून खाली घसरले. एक ताट धुवायला लागतो तेवढा वेळ लागला, दादा. तेवढाच.

आईने त्याच्या मुलीला घरी आणलं, मुलीने काय केलं म्हणाली. तू पुढे तिच्याशी लग्न केलंस. मी आले नाही. त्या मुलीने काही केलेलं नाही हे मलाही कळतं, पण तिचे डोळे त्याचे आहेत. आता तू त्यालाच त्या घरात घेणार. तो तिथे असेल तोवर मी उंबरा ओलांडणार नाही.

काल पाहुणे आले होते. साहेबांनी त्यांना सांगितलं की माणसाची गोष्ट तो दोन पायांवर उभा राहिला तिथून सुरू होते, कारण त्यामुळे हात मोकळे झाले. मोकळ्या हातांनी त्याने काय काय केलं, हे कुणी विचारलं नाही.

आज लोभाचं काही लिहवत नाही. आहे, पण लिहवत नाही.
धाकटी

—

९ मार्च

चि. धाकटीस,
अ. आ.

आले ते. बावीस वर्षांपूर्वी दाराच्या चौकटीला डोकं लागेल असा माणूस होता, आता माझ्या खांद्याला येतो. बसायच्या आधी बसू का म्हणून विचारतो. दिवा लावायच्या आधी विचारतो. छकुलीने त्याला सांगितलं की आमच्या घरात शिंकायलाही परवानगी लागत नाही, तर तो हसला आणि हसल्याबद्दल माझी माफी मागितली.

सुरीला हात लावत नाही. वहिनीने भाजी चिरायला दिली तर चमच्याने खरवडत बसला. भाकरी, फळं, सगळं हाताने तोडतो. बाबांबद्दल एकदाच बोलला. म्हणाला की, रोज सकाळी जाग येते तेव्हा पहिल्या क्षणाला दोस्त जिवंत असतो, मग आठवतं. मी उठून बाहेर गेलो.

मी साधुसंत झालोय असं समजू नकोस. तो जेवायला वाकला की मला त्याच्या मानेची शीर दिसते. कापणाऱ्याला कुठे काय आहे ते बघावं लागत नाही.

काका पहिल्या दिवशी घरी आले, त्याला बघितलं, टोपी उचलली आणि गेले. दुकानात येतात, पण माझ्याशी बोलत नाहीत. ओंडक्याच्या एका बाजूने ते तोडतात, दुसऱ्या बाजूने मी. बाबा गेल्यावर याच माणसाने माझ्या हातात सत्तूर दिला, माझ्या बोटांवर आपली बोटं ठेवून शिकवलं. त्यांची पाठ बघितली की मला आपण चोर आहोत असं वाटतं. घरी आलो की वहिनीचा चेहरा बघून तेच वाटतं.

तुझं पत्र आलं नाही तरी मी लिहीन. माया पातळ होऊ देऊ नकोस.
तुझा,
दादा

—

२७ मार्च

ती. दादास,
सा. न. वि. वि.

भांडण बाजूला ठेवून लिहिते, कारण हे दुसऱ्या कुणाला सांगावंसं वाटत नाही. आम्ही त्या मुलाच्या कानाच्या आतलं टणक हाड तपासायला पाठवलं होतं. अहवाल आला. मुलगी होती. तिची आई त्या माणसांतली, जाड भुवयांची. बाप आपल्यातला.

म्हणजे मारायला आले त्यांच्यापैकी कुणाची तरी ती मुलगी असेल, किंवा भावाची, किंवा चुलत्याची. निदान त्यांच्या रक्ताची. मी दिवसभर तिच्या दुधाच्या दातांची पुडी खिशात घेऊन फिरले, मग साहेबांनी मागून घेतली. आपल्या सगळ्यांच्या अंगात त्या वाळलेल्या फांदीचा शंभरातला एखाद-दुसरा वाटा अजून वाहतो. मेलेलेही आपले आणि मारणारेही. मारणारे तर जास्तच, कारण पोरंबाळं त्यांची जगली.

मी आता मारणारे मोजतेय. घावांच्या दिशा, जोर, हत्यारं, यावरून किमान चार जण निघतात. पण तिथे चारच जण नसणार. सात जणांना कपारीत कोंडायचं तर माणसं जास्त लागतात. काही जण तोंडाशी उभे असतील, नुसते बघत. ते किती होते हे मला कधीच सांगता येणार नाही. बघत उभं राहिलेल्याची खूण हाडावर उमटत नाही.

म्हाताऱ्याबद्दल मी काही विचारणार नाही. पण तो खरंच चमच्याने भाजी खरवडतो का?

तुझ्या मायेची सवय मोडलेली नाही.
धाकटी

—

२ एप्रिल

वन्संना,
स. न. वि. वि.

मी तुमची वहिनी. तुम्हाला माझं अक्षर ओळखू येणार नाही, कारण कधी पाहिलेलं नाही.

काल मंगळवारी तुमच्या काकांनी माझ्या वडिलांना मारलं. मला ताप होता. दुकानात डबा पोचवायचा राहिला होता. वडील म्हणाले, मी देऊन येतो. ते त्या रस्त्याला जात नसत. मी नको म्हणाले, पण ग्लानीत होते, जोर लावून म्हणाले नाही. हे माझं मला फेडायचं आहे.

मांस टांगायच्या आकड्याने मारलं. सहा वार. चेहरा मला पूर्ण बघू दिला नाही. जेवढा बघितला त्यावर डावा डोळा नव्हता. छकुली शाळेत होती. हे मागे मोरीपाशी ताटं धूत होते. नळ चालू होता, ऐकू आलं नाही, असं हे पोलिसांना म्हणाले, मलाही म्हणाले. ऐकू आलं तेव्हा धावले आणि काकांचा हात धरला. काकांनी पळायचा प्रयत्न केला नाही.

यांना सध्या लिहवत नाही, म्हणून मी कळवते. तुम्हाला बरं वाटलं असेल तर मी दोष देणार नाही. तुमच्या डोळ्यांसमोर जे झालं ते मला आईंनी सांगितलं होतं. फक्त ते मला कधी लिहून कळवू नका, एवढीच विनंती.

मोठ्यांनी लोभ ठेवावा असं पत्राखाली लिहितात. मी वयाने मोठी, तुम्ही मानाने. काय लिहावं कळत नाही.
आपली,
वहिनी

—

६ एप्रिल

हाडके,

मायना लिहीत नाही. आशीर्वाद द्यायची माझी लायकी नाही.

तुझं सत्तावीस तारखेचं पत्र त्या मंगळवारनंतर चौथ्या दिवशी हातात पडलं. ती मुलगी, ते मारणारे, सगळं वाचलं. मग त्या ओळीशी आलो, बघत उभं राहिलेल्याची. पत्र घडी करून खिशात ठेवलं आणि बाजारात तीन फेऱ्या मारल्या. आता लिहितो. वाचून फाडायचं असेल तर फाड, ठेवायचं असेल तर ठेव.

गिऱ्हाईक ओसरलं होतं. म्हातारा डबा घेऊन आला आणि पायरीवर थबकला. बावीस वर्षांनी त्याच फरशा. काका ओंडक्यापाशी, मी मोरीपाशी. नळ चालू होता हे खरं. ऐकू आलं नाही हे खोटं.

काकांनी सत्तूर खाली ठेवला. मला वाटलं, उठून चाललेत. मग त्यांनी दांडीवरचा रिकामा आकडा ओढला. लोखंड दांडीवरून सरकतं तो आवाज मी झोपेतही ओळखतो. मी वळून पाहिलं. आमच्यात सहा पावलं होती. म्हातारा डबा पुढे धरून उभा होता, देऊ का असं विचारत असल्यासारखा. काकांचा हात वर गेला. माझे हात मोकळे होते, हाडके. एकात फडकं होतं, ते काही हत्यार नव्हे. आणि मी पुन्हा नळाकडे तोंड केलं आणि धुतलेली ताटली परत धुतली.

पहिला घाव मान आणि खांद्याच्या मध्ये बसला. आवाजावरून कळलं, हाड लागलं नाही. डबा फरशीवर वाजला. दुसऱ्याला हाड लागलं. तो ओरडला नाही, फक्त श्वास ओढला, भांड्यात तळाचं पाणी ओढल्यासारखा. तिसरा चेहऱ्यावर. मी मोजत होतो. मला बाबा दिसत नव्हते, सूड वगैरे काही दिसत नव्हतं. मनात एवढंच आलं की आता घरातला पेच सुटेल, आणि तोही माझा हात न लागता. चौथ्याला मी नळ बंद केला. पाचव्याला चाललो. सहावा माझ्यासमोर झाला, त्याचं रक्त माझ्या ओठाला लागलं. मग मी काकांचा हात धरला. धरायला जोरच लागला नाही. पोराचा हात धरावा तसा तो हातात आला. म्हणजे पहिल्या वेळीही लागला नसता.

काका खोक्यावर बसले आणि पाणी मागितलं. मी दिलं. पोलीस घेऊन जाताना मला म्हणाले की खालच्या शटरचं कुलूप अडकतं, तेल घाल. बाकी काही नाही. महिन्याभरात पहिल्यांदा बोलले.

वहिनी मला जपते. म्हणते, तुम्ही तरी काय करणार होतात. माझ्या कपड्यांवरचं तिच्या बापाचं रक्त तिने स्वतः धुतलं. मी बघत उभा होतो. परत.

काय करू ते सांग.
दादा

—

१२ एप्रिल

दादास,
धाकटीचा नमस्कार.

आधी माझं. वहिनीचं पत्र आलं तेव्हा पहिलं अर्धं पान मला बरं वाटलं होतं. खोक्यावर पाय हलवत बसलेल्या मुलीला वाटलं, झालं एकदाचं. मग डाव्या डोळ्याशी आले आणि पुढचं तंबूबाहेर जाऊन उभ्याने वाचलं. तेव्हा तुझ्यावर दगड उचलायचा अधिकार मला नाही.

पण सांभाळूनही घेणार नाही. तू इथल्या सात माणसांचं नाव पुढे करशील, माणसाची जातच अशी म्हणशील. करू नकोस. मी रोज त्यांच्यात बसते, माझ्याकडून ऐक. हाडात राग सापडतो, भूक सापडते. ताटली दुसऱ्यांदा धुवायचा हुकूम कुठल्याच हाडात नसतो. ते तू केलंस. कपारीच्या तोंडाशी उभ्या असलेल्यांना बोलून टाकायची सोय होती की नाही मला ठाऊक नाही. तुला आहे.

तिला सांग. कोर्टाच्या आधी, वकिलाच्या आधी. पोलिसांकडून कळलं तर तो सातवा घाव होईल. मग साक्षीतही तेच सांग. काकांनी आपल्याला वाढवलं म्हणून त्यांना वाचवायला खोटं बोलू नकोस, आणि स्वतःला धुवायला त्यांच्यावर जास्तीचं ढकलू नकोस. जेवढं झालं तेवढंच.

ती घराबाहेर काढेल. काढू दे.

तरीही तुझीच,
धाकटी

—

१९ एप्रिल

वन्संना,
स. न. वि. वि.

यांनी सांगितलं. मी कपड्यांना इस्त्री करत होते. सगळं ऐकून घेतलं, सहाव्या घावापर्यंत. मग इस्त्री यांच्या हातावर ठेवली. ठेवली म्हणजे दाबली. यांनी हात काढून घेतला नाही. कातडं चिकटलं तेव्हा मीच उचलली. दवाखान्यात चुकून झालं म्हणून सांगितलं. तिथे यांनीही मान डोलावली. त्याचा मला आणखी राग आला.

या घरात श्वास घेता येत नाही. माहेर म्हणजे मागची खोली होती, तीही रिकामी झाली. आईंच्या नंतर या जगात मला नात्याचं म्हणावं असं एकच माणूस राहिलंय, आणि तिने माझ्या लग्नाला पाठ फिरवली होती. निदान तुम्ही माझ्याशी कधी खोटं वागला नाहीत.

छकुलीला सुट्टी लागली आहे. गुरुवारी सकाळच्या बसने आम्ही दोघी निघतो. तुम्हाला नको असेल तर थांब्यावर येऊ नका. मी अर्धा तास बघेन आणि परतीची बस धरेन. तिला सांगेन की फिरायला आलो होतो.

लोभ असेल तर तो थांब्यावर कळेलच.
आपली,
वहिनी

—

३ मे

ती. दादास,
सा. न. वि. वि.

बस दुपारी येते हे ठाऊक असून मी सकाळी सातपासून थांब्यावर उभी होते. साहेबांनी डोक्यावर टोपी घालून दिली, नाहीतर उन्हाने हाडं तिथेच सापडली असती. छकुली आधी उतरली. मागून वहिनी. आम्ही दोघी एकमेकींकडे बघत राहिलो आणि बस धुरळा उडवून गेली. मग मी तिची पिशवी घेतली. ती म्हणाली की जड आहे, मी म्हणाले की असू दे. अकरा वर्षांनंतर आमचं बोलणं झालं ते एवढं.

आता बरंच होतं. ती चाळणीवर बसते. माती चाळून बोटाएवढं हाड वेगळं काढण्यात तिचा हात माझ्यापेक्षा हलका आहे. आईने शिकवलंय ना, खिम्यातून हाडाची कच वेचायला. एके दिवशी तिने मला विचारलं की तिचे वडील त्या दिवशी कसे दिसत होते, बाबांना मारल्यानंतर. हे मला आजवर कुणी विचारलं नव्हतं. मी सांगितलं की तो सुरीकडे बघत होता, ती दुसऱ्या कुणाची असल्यासारखी. मग ती रडली आणि मी तिच्या शेजारी बसून राहिले. तिचे डोळे त्याचे आहेतच. चालतंय.

छकुलीला ती लहान मुलगी दाखवली. तिने पेटीला नाक लावून खूप वेळ पाहिलं आणि विचारलं की हिला कुणाच्या शेजारी पुरणार.  मोठे मोठे लेख लिहिणारे साहेब कान खाजवत उभे होते.

शाळा उघडली की दोघी परत येतील. वहिनीचा निरोप शब्दाला शब्द लिहिते. ती घरी येईल ती छकुलीच्या शाळेसाठी. मागच्या खोलीत राहील. साक्षीच्या दिवशी ती पहिल्या बाकावर बसेल आणि तुला तिच्याकडे बघून बोलावं लागेल. पुढचं ती तेव्हा ठरवेल, आधी विचारायचं नाही.

हाताला मलम लावत जा. माझी माया पोचती कर म्हणून तुलाच सांगते, घरी दुसरं कुणी नाही.
धाकटी

—

११ जानेवारी

चि. हाडकीस,
दादाचे अ. उ. आ.

आशीर्वाद परत लिहितोय. तू मागितलेस म्हणून.

साक्ष झाली, निकालही झाला, ते तू पेपरात वाचलंस. काकांना चौदा वर्षं. सरकारी वकिलांनी विचारलं की मी कुठे होतो. मी सांगितलं. नळ, आकड्याचा आवाज, सहा पावलं, ताटली. न्यायाधीशांनी लिहिणं थांबवून माझ्याकडे बघितलं. बाकावरून कुणीतरी थुंकल्याचा आवाज आला, ती काकू होती. काका खाली मान घालून ऐकत होते. मी संपवलं तेव्हा त्यांनी मान हलवली, बरोबर आहे म्हणून. मला कुणी काही शिक्षा केली नाही. अशाला कलम नाही म्हणतात. वहिनी पहिल्या बाकावर होती. मी तिच्याकडे बघूनच बोललो. तिने पापणी हलवली नाही.

बाजार दोन तुकडे झालाय. अर्धे मला सख्ख्या काकाला अडकवणारा म्हणतात, अर्धे सासऱ्याला मरू देणारा. दोघांचंही बरोबर आहे, त्यामुळे भांडता येत नाही. ओंडका मी काढून टाकला, नवा आणला. दर पंधरा दिवसांनी काकांना भेटायला जातो. आम्ही कंबरदुखीवर बोलतो.

वहिनी अजून मागच्या खोलीतच आहे. जेवण वाढते. माझ्याशी बोलत नाही, बोलायचं ते छकुलीला मध्ये घालून. काल घरी सुऱ्या पाजवत होतो. इस्त्रीने भाजलेल्या हाताची बोटं नीट मिटत नाहीत, सुरी निसटली आणि अंगठा हाडापर्यंत चिरला. फरशीवर धार लागली. मी बघत बसलो, मला काही सुचेना. ती खोलीतून आली, माझं मनगट पकडून नळाखाली धरलं, फडकं फाडलं आणि बांधलं.  गाठ मारताना एवढी आवळली की डोळ्यांपुढे काजवे चमकले. मग गाठीवरून एकदा बोट फिरवून बघितलं आणि चहा ठेवायला गेली. दोन कप.

अंगठा ठणकतोय, म्हणून अक्षर असं. चालवून घे, आणि आमच्या सगळ्यांवर जीव असू दे.
तुझा,
दादा